राजा हरिश्चंद्रच्या आधीचा हरिश्चंद्र

दादासाहेब फाळके आपल्या नाशिक जिल्ह्यातले, त्र्यंबकेश्वरचे. त्यामुळे नामपूरमध्ये सिनेमाचा इतिहास निघाला की सुरुवात 1913 च्या त्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’पासूनच होते. पण त्याच्या चौदा वर्षं आधी मुंबईत एक मराठी माणूस खऱ्याखुऱ्या घटना चित्रित करत होता: हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावे दादा!

धंद्याने फोटोग्राफर. जुलै 1896 मध्ये वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंची हलती चित्रं दाखवली गेली, ती पाहून दादांनी थेट इंग्लंडहून कॅमेरा मागवला. 1899 मध्ये हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली. फिल्म धुवायला पुन्हा विलायतेला! (रील परत येईपर्यंत काय अवस्था झाली असेल त्यांची?)

माझ्या मते त्यांचं खरं मोठं काम 1901 चं. केंब्रिजला सीनियर रँग्लर (गणिताच्या परीक्षेत अव्वल) झालेले पहिले भारतीय र. पु. परांजपे मायदेशी परतले, तेव्हाचं स्वागत दादांनी चित्रित केलं. भारतातला पहिला वार्तापट म्हणून त्याचंच नाव घेतात. पडद्यावर राजा-महाराजा नाही, गणितात नाव काढलेला कोकणातला तरुण!

1903 चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला. पुढे कॅमेरा विकून ते नाट्यगृहाच्या व्यवस्थापनाकडे वळले.