पावसाळा, दोन खोल्या आणि ओले कपडे

काळबादेवी, भुलेश्वर, गिरगाव या भागांतील जुन्या इमारतींत आजही अनेक व्यापारी कुटुंबे दोन खोल्यांत नांदत आहेत. दुकान हाकेच्या अंतरावर, देरासर जवळ, शेजार पिढ्यांचा. जागा अपुरी असली तरी तिथून पाय निघत नाही. वर्षाचे आठ महिने हा संसार सुखाने चालतो. जूनमध्ये पाऊस लागला, की घरात आणखी एक बिऱ्हाड येते, ते ओल्या कपड्यांचे.

मूळजी जेठा मार्केटात कापडाचा व्यापार असलेल्या अशाच एका पाच माणसांच्या कुटुंबाची ही हकीकत. गॅलरीतील बांबू पावसाळ्यात निरुपयोगी होत. मग बाहेरच्या खोलीत पंख्याखाली चार दोऱ्या बांधल्या जात. कपडे दोन-दोन दिवस लोंबकळत राहत, त्यांना कुबट वास येई. ओलसर कापडावर धरणारी बुरशी ही तर जैन घराला दुहेरी चिंता. रात्री साडेअकरा वाजता सूनबाई मुलांच्या दमट गणवेशांवर इस्त्री फिरवीत असत. त्याच खोलीत सासूबाई झोपत आणि त्यांना दम्याचा विकार. एका जुलैत खोकल्याची उबळ रात्रभर थांबेना, तेव्हा डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले की, झोपण्याच्या खोलीतून ओले कपडे आधी हलवा.

धुणे आणि वाळवणे एकाच पिंपात करणारे यंत्र घ्यावे, असा विचार तेव्हा पुढे आला. सासूबाईंचा विरोध होता. "उन्हात वाळलेल्या कपड्याची सर त्याला कशी येणार?" असे त्या म्हणत. "आई, ऊन असेल तेव्हा ऊनच वापरू," असे मुलाने समजावले. सासरेबुवांनी मात्र एकच वाक्य उच्चारले, "आधी हिशेब मांडा."

हिशेब मांडण्यापूर्वी यंत्राचा स्वभाव समजून घेणे इष्ट. अशा यंत्रावर दोन आकडे लिहिलेले असतात, उदाहरणार्थ ८ किलो धुणे आणि ५ किलो वाळवणे. गिऱ्हाईक पहिला आकडा वाचते आणि फसते. वाळण्यासाठी कपड्यांना पिंपात मोकळे उलटेपालटे व्हावे लागते, म्हणून वाळवण्याची क्षमता नेहमी कमी. आठ किलो धुतले तर तीन किलो बाहेर काढूनच पुढचा टप्पा सुरू करावा लागतो. शिवाय धुण्यापासून पूर्ण वाळेपर्यंत पाच-सहा तास सहज जातात आणि तोवर दुसरा घाणा लावता येत नाही. ज्यांच्या घरी रोज दोन-तीन घाणे निघतात, त्यांनी हे आधीच ध्यानात घ्यावे.

यातील बहुतेक यंत्रांना धुराड्यासारखी बाहेर जाणारी नळी लागत नाही. कपड्यांतून निघालेली वाफ आतच थंड होऊन पाणी बनते आणि मोरीच्या नळीवाटे निघून जाते. लहान घराला हे सोयीचे आहे. मात्र काही प्रकारांत ही वाफ थंड करण्यासाठी नळाचेच पाणी वापरले जाते. जिथे पालिकेचे पाणी दिवसातून ठराविक वेळच येते आणि गच्चीवरील टाकी दुपारी रिकामी होते, तिथे असे यंत्र मधेच अडते. खरेदीपूर्वी हा प्रश्न दुकानदाराला अवश्य विचारावा. उष्णता पुन्हा पुन्हा वापरणारी 'हीट पंप' पद्धतीची यंत्रे वीज बरीच कमी खातात. पण ती महाग असतात.

आता विजेचे गणित. चांगले पिळल्यावरही सुती कपडे आपल्या कोरड्या वजनाच्या सुमारे निम्मे पाणी धरून ठेवतात. कापडाच्या व्यापाऱ्याला कापसाचा हा गुण वेगळा सांगावा लागत नाही. म्हणजे ५ किलो कपड्यांत अडीच लिटर पाणी. एक लिटर पाण्याची वाफ करायला निसर्गनियमानेच सुमारे ०.६३ युनिट वीज लागते. म्हणजे दीड युनिटाहून अधिक तर तिथेच गेली. पिंप, कपडे आणि हवा तापवण्याचा खर्च धरला, तर साध्या यंत्रात तीन ते चार युनिट पडतात. युनिटला दहा रुपये आणि महिन्याला सतरा घाणे धरले, तर साधारण सहाशे रुपये महिना, चार महिन्यांचे चोवीसशे. वापर वाढला की वरच्या टप्प्याचा दर लागतो, ते वेगळे. यंत्राची किंमत आणि घसारा जमेस धरता हा व्यवहार नफ्याचा नाही, हे सासरेबुवांनी ओळखले. तरीही औषधांच्या बिलांची चवड पाहून त्यांनी होकार दिला.

जागेचा प्रश्न खर्चापेक्षा बिकट निघाला. यंत्र ६० सेंटिमीटर रुंद, ८५ सेंटिमीटर उंच आणि सत्तर किलोच्या आसपास वजनाचे. न्हाणीघराचे दार अरुंद. अखेर स्वयंपाकघरातील धान्याच्या कोठ्या हलवून ओट्याशेजारी जागा केली. इमारतीची जमीन लाकडी तुळयांवरची, म्हणून यंत्र खोलीच्या मध्ये न ठेवता भिंतीलगत, तुळईच्या टेकूजवळ बसवले. वाहतुकीसाठी मागे लावलेले बोल्ट काढायला बसवणारा कारागीर विसरला होता. पहिल्याच घाण्याला सारा मजला थरथरला आणि खालचे शेजारी धावत वर आले! १६ अँपिअरचा स्वतंत्र प्लग आणि पक्के अर्थिंग करून घेतले. यंत्र आणि गिझर एकाच वेळी लावायचा नाही, हा नियम दोनदा अंधार झाल्यावर घरात रुजला.

वापराची रीतही अनुभवातून घडली. कपडे पूर्ण वाळवण्याऐवजी जास्तीत जास्त वेगाने पिळायचे, अर्धा-पाऊण तास गरम हवा द्यायची आणि लगेच काढून पंख्याखाली पसरायचे. तासा-दोन तासांत ते कोरडे होतात आणि वीज निम्म्याने वाचते. ही मधली वाट सर्वांत शहाणपणाची म्हणावी लागेल. गणवेश आणि टॉवेल मात्र पूर्ण वाळवले जातात. रेशमी, जरीचे, लोकरीचे काहीही आत जात नाही. बाळाच्या मालिशीचे किंवा तळणाचे तेल लागलेले फडकेही नाही, कारण तेलकट कापड उष्णतेने पेट घेऊ शकते. दाराचे रबर रोज पुसायचे, दार किलकिले ठेवायचे आणि खालच्या गाळणीतील लव दर आठवड्याला काढायची. हे काम मुलांच्या वडिलांकडे सोपवले आहे.

दमा बरा झाला, असे म्हणता येणार नाही. सासूबाईंचे औषध चालू आहे. पण गेल्या पावसाळ्यात रात्री उठून बसण्याची वेळ क्वचितच आली आणि सूनबाईंची इस्त्री दहाच्या आत आटोपू लागली. चारपैकी तीन दोऱ्या सासूबाईंनी स्वतःच्या हाताने सोडून गुंडाळून ठेवल्या. चौथी खिडकीपाशी अजून आहे. पूजेची वस्त्रे त्या वेगळी, हातानेच धुतात आणि तिथेच वाळत घालतात.