विटेवरचा अतिथी आणि मांजरीची दारे

ज्येष्ठ वद्य पक्षात देहू आणि आळंदी येथून पालख्यांनी प्रस्थान ठेवले की अवघ्या महाराष्ट्राचे चित्त पंढरीच्या वाटेला लागते. पुण्यनगरीत तुकोबारायांची पालखी नाना पेठेतील निवडुंग्या विठोबाच्या मंदिरी आणि ज्ञानोबा माउलींची पालखी भवानी पेठेतील पालखी विठोबाच्या मंदिरी विसावते. पुढे हडपसरला दोन्ही वाटा वेगळ्या होतात. माउलींचा रथ दिवे घाटाने सासवडकडे वळतो, तर तुकोबारायांचा सोहळा सोलापूर रस्त्याने लोणी काळभोरच्या मुक्कामाकडे निघतो. याच रस्त्याच्या उत्तरेस, मुळा-मुठेच्या काठापर्यंत पसरलेले गाव म्हणजे मांजरी बुद्रुक. वारीच्या वाटेवरच्या या गावाच्या निमित्ताने माणूस, वास्तू आणि आजचे संगणकीय यंत्र या तिघांचा परस्परांशी असलेला संबंध भाविक वाचकांपुढे मांडावा, असे योजिले आहे.

मांजरी ही मुळात शेतीभाती करणाऱ्यांची भूमी. ऊस, द्राक्ष आणि पालेभाजी ही तिची ओळख. ऊससंशोधनाची वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट आणि राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र या संस्था येथेच नांदत आहेत, यावरून त्या मातीचा कस ध्यानी यावा. पण गेल्या पंचवीस वर्षांत शेजारी मोठे स्थित्यंतर घडले. हडपसरच्या सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपली सुमारे ४०० एकर जमीन एकत्र करून मगरपट्टा सिटी उभारली आणि तीत संगणक-व्यवसायाची प्रशस्त कार्यालये आली. कार्यालयांमागून देशोदेशीचे तरुण आले, तरुणांना घरे हवी झाली आणि बघता बघता उसाच्या फडांच्या जागी बहुमजली इमारती उभ्या राहिल्या. ३० जून २०२१ रोजी पुणे महापालिकेत तेवीस गावे समाविष्ट झाली, त्यांत मांजरी बुद्रुकही होते. यंत्राने माणूस आणला, माणसाने वास्तू उभारली. आता ती वास्तू आणि ते यंत्र मिळून माणसाला घडवू लागले आहेत. प्रश्न इतकाच, की कसे घडवीत आहेत?

येथे थोडा शब्दविचार करू. 'वास्तु' हा शब्द 'वस्' म्हणजे राहणे या धातूपासून आला. जेथे राहणे घडते ती वास्तू. नुसत्या भिंतींना ते नाव शोभत नाही. आपल्या शिल्पशास्त्राने वास्तू मोजली ती माणसाच्या देहाने. बोटाची रुंदी ते अंगुल आणि चोवीस अंगुलांचा एक हस्त. देवाच्या मूर्तीपासून मंदिराच्या शिखरापर्यंतची मापे याच बोटावरून निघाली. मौजेची गोष्ट अशी की, ज्याला आज जग 'डिजिटल' म्हणते त्या शब्दाचे मूळही लॅटिन भाषेतील बोट या अर्थाच्या शब्दात आहे, कारण माणूस बोटांवरच मोजावयास शिकला. ज्या बोटाने देऊळ मोजले तेच बोट आज भ्रमणध्वनीच्या काचेवरून फिरते आहे. यंत्र परके नाही. ते आपल्याच हाताचा विस्तार आहे. म्हणून त्याचे गुणदोषही आपल्याच पदरी येतात.

आता पंढरीच्या आद्य कथेकडे वळू. पुंडलिक मातापित्यांच्या सेवेत मग्न असता साक्षात भगवंत दाराशी आले. येण्याची वर्दी नव्हती, वेळ ठरलेली नव्हती. पुंडलिकाने सेवा सोडली नाही, पण आलेल्याला परतही धाडले नाही. हाताशी होती ती वीट त्याने पुढे सारली आणि देव तीवर उभा राहिला, तो आजतागायत उभा आहे. विचार केला तर पंढरपूरचे पहिले देवालय म्हणजे ती एक वीट होय. त्या वास्तूला ना भिंत, ना दार, ना शिखर. अवचित आलेल्याला उभे राहण्यापुरती दिलेली जागा, एवढेच तिचे स्वरूप.

अवचित येणाऱ्याला आपण 'अतिथी' म्हणतो. ज्याच्या येण्याला तिथी नाही तो अतिथी, अशी या शब्दाची लोकमान्य फोड आहे. व्याकरणकार तो 'अत्' म्हणजे सतत चालणे या धातूपासून साधतात. दोन्ही अर्थ वारकऱ्यास किती चपखल बसतात! तो चालतोही आणि न सांगता दाराशीही येतो. तैत्तिरीय उपनिषदाच्या शिक्षावल्लीत विद्या पूर्ण करून निघालेल्या शिष्याला गुरू जो उपदेश करतात, त्यात माता, पिता आणि आचार्य यांच्या जोडीने अतिथीलाही देव मानण्याची आज्ञा आहे. माता, पिता, आचार्य हे ओळखीचे. चौथा तेवढा अनोळखी. अनोळखी माणसाला देवाच्या पंक्तीत बसवणे ही आपल्या धर्माची कठीण परीक्षा होय.

ही परीक्षा सोपी व्हावी म्हणून आपल्या पूर्वजांनी घरांची रचनाच तशी केली. जुन्या घराला रस्त्यालगत ओटा असे, आत ओसरी, पुढे माजघर आणि सर्वांत आत देवघर. वाटसरू ओट्यावर टेकला तर त्याला कोणी नाव विचारीत नसे. ओसरीपर्यंत आला की पाणी आणि गूळ पुढे येई. घर उघडेही राही आणि सुरक्षितही, कारण अनोळखीपणापासून ओळखीपर्यंतच्या पायऱ्या बांधणीतच होत्या. देवळाचेही तसेच. बाहेर पायरी, मग सभामंडप, मग अंतराळ, मग गर्भगृह. अनेक देवळांत कीर्तनाला श्रोते दोन बाजूंना बसतात आणि मधली वाट मोकळी ठेवतात, की देवाची दृष्टी कीर्तनकारापर्यंत अडू नये. ही शिस्त कोणी फलकावर लिहून शिकवीत नाही. तो मंडपच ती शिकवतो. माणूस वास्तू बांधतो आणि मग वास्तू माणसाला वळण लावते, ते असे.

मांजरीच्या नव्या इमारतींना ओटा नाही, ओसरी नाही. त्यांच्या जागी प्रवेशद्वार आहे, रखवालदाराची खोली आहे आणि कॅमेरा आहे. येणाऱ्याने नाव सांगावे, भ्रमणध्वनीचा क्रमांक द्यावा, कोणत्या मजल्यावर कोणाकडे जाणे ते सांगावे. मग वरच्या घरातील यंत्रावर निरोप उमटतो आणि तेथील बोटाने अनुमती दिली की फाटक उघडते. मुद्दाम सांगतो, ही व्यवस्था निंद्य नाही. ज्या घरात दोघेही नोकरीस जातात आणि वृद्ध सासूबाई एकट्या असतात, तेथे ती दिलासा देते. दिवसातून चारदा सामान पोहोचवणारे येतात, त्यांची नोंद हवीच. पण तिचा एक परिणाम ध्यानात घेतला पाहिजे. या फाटकातून जो आत येतो त्याचे नाव, काम आणि वेळ आधीच ठरलेली असते. म्हणजे त्याला तिथी असते. ज्याला तिथी नाही त्याच्यासाठी या व्यवस्थेत रकानाच नाही. पुंडलिकाच्या दारी आलेला तो सावळा पाहुणा आज या फाटकाशी आला तर कोणत्या मजल्याचे नाव सांगेल?

यावर कोणी म्हणेल, की क्रमांकाशिवाय एवढा समाज चालणार कसा? क्रमांक वारीलाही वर्ज्य नाही. रथापुढच्या आणि रथामागच्या प्रत्येक दिंडीला क्रमांक असतो. लाखोंच्या गर्दीत चुकलेली एखादी म्हातारी आपल्या दिंडीचा क्रमांक तेवढा सांगते आणि दहा माणसे तिला तिच्या माणसांत नेऊन पोहोचवतात. अंक तोच, पण दिंडीचा अंक चुकलेल्याला आपल्या माणसांकडे नेतो, फाटकावरचा अंक अनोळख्याला थांबवतो. संस्कृतात 'अंक' या शब्दाचा संख्या हा जसा अर्थ आहे तसाच मांडी हाही आहे, जिच्यावर आई लेकराला घेते. कोणता अर्थ आचरणात आणावयाचा हे यंत्र ठरवीत नसते.

दारे मिटण्याचा इतिहास आपल्याला नवा नाही आणि त्याचा विसर पडू देणे बरे नव्हे. संत चोखामेळा मंगळवेढ्याला गावकुसाचे बांधकाम करीत असता भिंत कोसळून निवर्तले, अशी परंपरा सांगते. ज्या हातांनी भिंत बांधली त्या हातांना विठ्ठलमंदिराच्या आत प्रवेश नव्हता. त्यांची समाधी महाद्वारासमोर, नामदेव पायरीजवळ आहे. पुढे शतके लोटली आणि मे १९४७ मध्ये साने गुरुजींनी पंढरपुरी उपोषण केले, तेव्हा ते दार अस्पृश्य मानलेल्या बांधवांसाठी उघडले. दगड तेच, चौकट तीच. माणसे बदलली म्हणून वास्तूचा अर्थ पालटला. आज मांजरीच्या इमारतींच्या विटा वाहणारे मजूर दूरदूरहून येतात, इमारतीच्या आवारातच पत्र्याच्या निवाऱ्यात राहतात आणि काम संपताच निघून जातात. नंतर त्याच फाटकाशी आले तर तेही अनोळखीच ठरतात. चोखोबांची समाधी रोज नमस्कारणाऱ्या समाजाने याचा विचार करू नये काय?

यंत्राने आपल्यावर जे उपकार केले तेही त्याच प्रामाणिकपणे मांडले पाहिजेत. १७ मार्च २०२० रोजी साथीमुळे पंढरीचे मंदिर भाविकांसाठी बंद झाले. त्या वर्षी पादुका पायी न जाता एस.टी. बसमधून पंढरीस गेल्या आणि १ जुलैची आषाढी वारकऱ्यांविना पार पडली. त्या दिवसांत घरोघरच्या पडद्यांवर विठुरायाचे मुख दिसत होते, हाच काय तो आधार होता. साथ हटवण्यासाठी सीरम इन्स्टिट्यूटने पुण्यात तयार केलेली लस जानेवारी २०२१ मध्ये देशभर रवाना झाली. तिचे एक मोठे संकुल याच मांजरीत आहे. मंदिर त्याआधी १६ नोव्हेंबर २०२० रोजी, पाडव्याला, मुखदर्शनासाठी उघडले होते. पण चरणांना हात लावण्यासाठी २ एप्रिल २०२२ चा गुढीपाडवा उजाडावा लागला.

या दीड-दोन वर्षांच्या अंतरात एक तत्त्व दडले आहे. मुखदर्शन पडद्यावरही होत होते, मंदिरातही होत होते. तरी वारकरी पदस्पर्शासाठी तळमळत राहिला. 'दर्शन' हा शब्द पाहणे या अर्थाच्या 'दृश्' धातूपासून आलेला असला, तरी वारकऱ्याला केवळ पाहणे पुरत नाही. त्याला गरुडखांबाला मिठी मारायची असते, सोळखांबीतील दगडाचा गारवा तळपायाला हवा असतो, शेजारच्या अनोळख्याच्या खांद्याला खांदा लागावयास हवा असतो. पडदा देव दाखवतो. मंडप देवासह शेजारीही देतो. अंथरुणाला खिळलेल्या आजीला पडद्यावरची काकड आरती खरोखर अमृत आहे, परदेशी गेलेल्या लेकरालाही आहे. पण ज्याचे पाय धड आहेत त्याने पडद्यावर समाधान मानले, तर त्याची वारी अर्ध्यावर राहिली असे म्हणावे लागेल.

पंढरपुरी आता दर्शनासाठी आगाऊ वेळ नोंदवण्याचा, टोकन देण्याचा मार्ग चोखाळला जात आहे. रांगेत दहा-पंधरा तास तिष्ठणाऱ्या वृद्धांचे हाल त्याने वाचतील, तर ते पुण्यकर्मच होय. मात्र ज्याच्या गाठीला यंत्र नाही, ज्याला अक्षर नाही, त्याच्यासाठी माणसाच्या हाताने मिळणारी चिठ्ठी आणि साधी रांग सदैव शिल्लक राहिली पाहिजे. नाहीतर चोखोबांना थांबवणारी ती जुनी चौकट नव्या रूपाने परत येईल आणि ती डोळ्यांना दिसणारही नाही.

मग मांजरीकरांनी काय करावे? फाटके काढून टाकावीत असे कोणी म्हणणार नाही. पण ज्या यंत्राने फाटक मिटते त्याच यंत्राने ते उघडताही येते. पालखी जाण्याचा दिवस आधीच ठाऊक असतो. सोसायटीच्या सभासदांना एक निरोप धाडावा, की त्या दिवशी तळमजल्याची वाहनांची जागा आणि सभागृह वारकऱ्यांसाठी मोकळे राहील. प्यावयास पाणी, स्वच्छ शौचालय, पाय शेकण्यास गरम पाणी आणि भ्रमणध्वनीस वीज मिळेल. नाव-क्रमांक विचारला जाणार नाही. कोणाच्या घरून किती भाकरी, कोणाकडून किती ताक, हे त्याच निरोपांतून ठरावे. नव्या इमारतीचे नकाशे करणाऱ्यांनी फाटकाबाहेर, रखवालदाराच्या खोलीला लागून, एक छप्पर असलेला ओटा आणि पाण्याचा नळ एवढे तरी योजावे. सामान पोहोचवणारा मुलगा, कामकरी बाई, वाटसरू यांना टेकता येईल. खर्च अल्प, आणि वर्षाचे तीनशे पासष्ट दिवस ती इमारत आपल्या रहिवाशांना आतिथ्याचा धडा देत राहील. ओसरी गेली म्हणून आतिथ्य गेले. ओसरी परत आली तर तेही परत येईल.

भाविकहो, एकादशीला आपण उपवास करू, तुळस वाहू, नामस्मरण करू. त्यासोबत एक करावे. आपल्या दाराशी त्या दिवशी जो कोणी न सांगता येईल, त्याला उभे राहण्यापुरती एक वीट पुढे सारावी. पुंडलिकाने याहून अधिक काही केले नव्हते, आणि तेवढ्यावर भगवंत अठ्ठावीस युगे उभा आहे.

॥ पुंडलिक वरदे हरि विठ्ठल ॥