पाडवा उड्या मारतो, पुत्ताण्डु का नाही?

गेल्या काही वर्षांत गुढीपाडवा कधी कधी आला, बघा बरं. २०२३ साली २२ मार्चला. २०२४ साली ९ एप्रिलला. २०२५ साली ३० मार्चला आणि २०२६ साली तर चक्क १९ मार्चला! आता तमिळनाडूत चला. तिथल्या नव्या वर्षाच्या सणाला म्हणतात पुत्ताण्डु. तो कधी आला? २०२३ साली १४ एप्रिल. २०२४, २०२५, २०२६? १४ एप्रिल, १४ एप्रिल, १४ एप्रिल! पठ्ठ्या जागचा हलतच नाही.

असं का बरं?

कारण आपले महिने चालतात चंद्राच्या तालावर. चंद्राचे बारा महिने साधारण ३५४ दिवसांत संपतात, म्हणजे सूर्याच्या वर्षापेक्षा ११ दिवस आधीच. त्यामुळे पाडवा दरवर्षी तेवढा अलीकडे सरकतो. फारच अलीकडे आला की पंचांगात एक अधिक महिना येतो आणि पाडव्याची स्वारी पुन्हा पुढे जाते.

तमिळ पंचांगात ही भानगडच नाही. तिथे महिने सूर्यावर मोजतात. सूर्य मेष राशीत शिरला की चित्तिरै महिना सुरू आणि नवं वर्षही सुरू. सूर्यास्ताच्या आधी शिरला तर त्याच दिवशी, नंतर शिरला तर दुसऱ्या दिवशी. खरं तर सूर्य कुठे जात नाही. आपली पृथ्वी त्याच्याभोवती फिरते, म्हणून सूर्याच्या मागचे तारे बदलत गेल्यासारखे वाटतात. आपणही एक मोठा सण असाच सूर्यावर ठरवतो, मकरसंक्रांत! म्हणून तीही १४-१५ जानेवारीलाच येते. तमिळनाडूत तेव्हा पोंगल असतो.

सण सूर्याला बांधलेला, म्हणून त्याचा ऋतूही पक्का. आंब्याला कैऱ्या लटकलेल्या आणि कडुनिंबाला पांढराशुभ्र फुलोरा! काही तमिळ घरांत, विशेषतः केरळच्या बाजूच्या भागात, आदल्या रात्री देवासमोर एक ताट मांडून ठेवतात. त्यात आंबा, फणस, केळी, विड्याची पानं, सुपारी, फुलं, नाणी, सोनं आणि एक आरसा. याला म्हणतात कणी. सकाळी उठल्यावर पहिली नजर त्यावरच पडायला हवी. मग अंगणात तांदळाच्या पिठाचं कोलम काढायचं, नवे कपडे घालायचे, देवळात जायचं. तिथे नव्या वर्षाचं पंचांगही वाचून दाखवतात.

आणि जेवायला? वडे आणि पायसम तर असतंच, पण मानाचा पदार्थ म्हणजे कैरीची पचडी. कैरीच्या फोडी शिजवायच्या, त्यात गूळ विरघळवायचा, चिमूटभर मीठ, वरून मोहरी आणि सुक्या मिरचीची फोडणी. शेवटी कडुनिंबाची वाळलेली फुलं तुपात तांबूस परतून वर घालायची. एका घासात गोड, आंबट, खारट, कडू, तिखट, तुरट, सगळं! वर्षात सगळ्याच चवीचे दिवस येणार, त्यांची ही ओळख. आपण पाडव्याला कडुनिंबाचा पाला गुळाबरोबर खातो, त्यातही हेच आहे.

पण थांबा, तिखट ही मुळी चवच नाही! गोड, आंबट, खारट, कडू ओळखणाऱ्या खास पेशी जिभेवर असतात. तिखटासाठी तशा नसतात. मिरचीतलं कॅप्सेसिन जिभेवरच्या उष्णता ओळखणाऱ्या नसांना फसवतं आणि मेंदूला वाटतं, जीभ भाजली! हे कसं घडतं ते शोधणाऱ्या डेव्हिड ज्युलियस यांना २०२१ साली नोबेल पारितोषिक मिळालं. तुरटपणाही बराचसा स्पर्शच असतो. तुरट पदार्थांतली द्रव्यं लाळेतल्या प्रथिनांना चिकटतात आणि जीभ खरखरीत वाटू लागते.

आता तमिळ महिन्यांची एक गंमत. ते सारखे नसतात. जून-जुलैतला आनि कधी कधी ३२ दिवसांचा असतो, तर डिसेंबर-जानेवारीतला मार्गळि बहुधा २९ दिवसांतच आटोपतो. याचं कारण पृथ्वीची लंबगोल वाट. जानेवारीच्या सुरुवातीला ती सूर्यापासून सुमारे १४ कोटी ७१ लाख किलोमीटरवर असते, जुलैच्या सुरुवातीला सुमारे १५ कोटी २१ लाख किलोमीटरवर. जवळ असताना ती जोरात पळते आणि राशी लवकर ओलांडते. लांब गेली की तिची चाल मंदावते. पृथ्वीचा वेग असा महिन्यांच्या दिवसांत उमटला आहे!

म्हणजे १४ एप्रिल कायमची पक्की? छे! पृथ्वीचा आस हळूहळू गोल डोलतो, मंदावलेल्या भोवऱ्यासारखा. एक डोलणं पूर्ण व्हायला जवळपास २६,००० वर्षं लागतात. त्यामुळे ताऱ्यांवर मोजलेलं वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे २० मिनिटांनी मोठं भरतं. २० मिनिटं म्हणजे किती ती! पण ७२ वर्षांत होतात १,४४० मिनिटं, म्हणजे अख्खा एक दिवस. म्हणून दर ७२ वर्षांनी हे नवं वर्ष एक दिवस पुढे सरकतं.

आता मागे जाऊन बघू. दिवस-रात्र सारखे असतात साधारण २१ मार्चला. तिथून १४ एप्रिलपर्यंत झाले २४ दिवस. २४ गुणिले ७२ म्हणजे १,७२८. सुमारे सतराशे वर्षांपूर्वी सूर्य मेष राशीत शिरायचा तो नेमका दिवस-रात्र सारखे असतानाच! आणि पुढे? पंचांग असंच राहिलं, तर ४,३२० वर्षांनी पुत्ताण्डु ६० दिवस पुढे, जूनच्या मध्यावर येईल. तेव्हा कडुनिंबाला फुलं कुठली, लिंबोळ्या लागलेल्या असतील.

१४ एप्रिलच्या सुमारास केरळात विषू, पंजाबात बैसाखी, बंगालात पोयला बैशाख, आसामात बिहू, श्रीलंकेत नवं वर्ष आणि थायलंडमध्ये पाण्याची धमाल! मुंबईत माटुंगा आणि धारावीत पिढ्यान् पिढ्या तमिळ कुटुंबं राहतात. तुमच्या वर्गातही एखादी तमिळ मैत्रीण किंवा मित्र असेल. येत्या १४ एप्रिलला त्यांना म्हणा, ‘पुत्ताण्डु वाळ्त्तुक्कळ!’ आणि त्यांच्या घरचं तमिळ कॅलेंडर मागून घेऊन आनि आणि मार्गळिचे दिवस स्वतः मोजून बघा.