सारखाच आकडा, वेगळी शरीरं

२००४ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात दोन डॉक्टरांचं छायाचित्र छापून आलं: पुण्याच्या केईएम रुग्णालयातले चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन. दोघांचा बीएमआय तंतोतंत सारखा, २२.३. शरीरातली चरबी मात्र याज्ञिकांची २१.२ टक्के, युडकिन यांची ९.१!

किलोतल्या वजनाला मीटरमधल्या उंचीच्या वर्गानं भागायचं, हे बीएमआयचं सूत्र. एकोणिसाव्या शतकात बेल्जियमचे संख्याशास्त्रज्ञ केटले यांनी ते मांडलं लोकसमूहाच्या अभ्यासासाठी, एकेका माणसाचं आरोग्य जोखण्यासाठी नव्हे.

लग्नघरात “किती सुटलीस गं!” ऐकून घास खाली ठेवणाऱ्या मुलीला कुणीतरी सांगायलाच हवं, की वजनाचा आकडा म्हणजे आरोग्य नव्हे. रोजच्या चालण्यानं वजन तसूभर घटलं नाही, तरी रक्तदाब आणि रक्तातली साखर सुधारू शकते.