घर साडेअठरा लाखांचे, पण हिशेब सदतीस लाखांचा!

घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून, अशी आपल्याकडे जुनी म्हण आहे. आजच्या काळात तिच्यात थोडी भर घालावी लागेल. घर पाहावे फेडून! घर घ्यायला एक सही पुरते, पण ते फेडायला माणसाच्या उमेदीची वीस वर्षे जातात. म्हणून सही करण्याआधी एक तास हिशेबाला बसावे, एवढीच विनंती करण्यासाठी आम्ही आज हा विषय घेतला आहे.

गेल्या पावसाळ्यातील गोष्ट. रविवारी सकाळी विहारातील वंदना आटोपल्यावर एक तरुण जोडपे आमच्याजवळ आले. तो अंबरनाथच्या एका कारखान्यात फिटर, वय ३४. ती घरी शिवणकाम करते आणि वस्तीतील महिला बचत गटाचा हिशेब लिहिते. दोन मुले शाळेत आहेत. राहतात भाड्याच्या खोलीत, दर अकरा महिन्यांनी घरमालकाच्या तोंडाकडे पाहत. बदलापूरला एक लहान जागा त्यांनी पसंत केली होती. किंमत साडेअठरा लाख. साडेतीन लाख पै पै करून जमवलेले आणि पंधरा लाखांचे कर्ज.

"जयभीम, दादा. उद्या सही करायची आहे. एकदा नजरेखालून घाला," तो म्हणाला.

कागदांना एजंटाने एक चिठ्ठी टाचली होती. तिच्यावर दोन आकडे होते. २० वर्षांसाठी हप्ता १३,४९६ रुपये आणि ३० वर्षांसाठी १२,०६९ रुपये. खाली सल्ला होता, "हप्ता कमी तो घ्या, संसाराला बरे पडते." व्याजाचा दर दोन्हीकडे ९ टक्के.

एकूण किती भरावे लागणार, हे त्या चिठ्ठीवर कुठेच नव्हते.

चिठ्ठीवर नसलेला आकडा

आम्ही कागद-पेन्सिल घेतली. गुणाकार चौथीच्या मुलालाही येईल असा आहे. हप्ता गुणिले महिने. १३,४९६ गुणिले २४० महिने म्हणजे ३२,३९,०४० रुपये. कर्ज पंधरा लाखांचे, व्याज सतरा लाख एकोणचाळीस हजारांचे! म्हणजे मुद्दलापेक्षा व्याज जास्त.

आता तीस वर्षांचे पाहू. १२,०६९ गुणिले ३६० महिने म्हणजे ४३,४४,८४० रुपये. व्याज २८ लाख ४४ हजारांच्या वर. महिन्याला १,४२७ रुपये वाचले म्हणून आनंद मानायचा आणि त्याबदल्यात अकरा लाख रुपये जादा व्याज भरायचे, असा हा सौदा आहे. शिवाय तो आज ३४ वर्षांचा. तीस वर्षांनी तो ६४ वर्षांचा होईल. कारखान्यातून साठाव्या वर्षी, कदाचित त्याआधीच, घरी बसावे लागेल. मग उरलेले हप्ते कोण भरणार? पोरेच ना?

उलट हेच कर्ज १५ वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता १५,२१४ रुपये होतो. वीस वर्षांच्या हप्त्यापेक्षा १,७१८ रुपये जास्त. पण एकूण व्याज १२,३८,५२० रुपये, म्हणजे पाच लाखांनी कमी. हप्ता थोडासाच कमी-जास्त होतो, व्याज मात्र लाखांनी कमी-जास्त होते. गृहकर्जातील मुख्य गोष्ट हीच आहे आणि नेमकी तीच आपल्याला कोणी सांगत नाही.

आधी व्याज, मग मुद्दल

इतका वेळ गप्प असलेल्या त्या ताईने मग विचारले, "दादा, आमच्या गटात आम्ही व्याज आणि मुद्दल वेगवेगळ्या रकान्यांत लिहितो. ह्या हप्त्यात मुद्दल किती?"

प्रश्न लाख मोलाचा होता. पंधरा लाखांवर वर्षाला ९ टक्के म्हणजे १,३५,००० रुपये व्याज. महिन्याचे झाले ११,२५०. म्हणून पहिल्या १३,४९६ रुपयांच्या हप्त्यातले ११,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फिटतात फक्त २,२४६ रुपये. पुढच्या महिन्यात व्याज किंचित कमी, मुद्दल किंचित जास्त. असे मुंगीच्या पावलाने चालते.

पहिल्या वर्षात हे कुटुंब १,६१,९५२ रुपये भरेल. त्यांतून कर्ज कमी होईल सुमारे २८ हजारांनी. दहा वर्षे न चुकता हप्ते भरल्यावर, सोळा लाखांच्या वर रक्कम दिल्यावरही, सुमारे १० लाख ६५ हजार रुपये बाकी असतील. निम्मी मुदत संपली म्हणजे निम्मे कर्ज फिटले, अशी आपली समजूत असते. ती चुकीची आहे. निम्मे मुद्दल फिटायला ह्या कर्जात जवळजवळ चौदा वर्षे लागतात.

ह्यात कोणी लबाडी केली आहे असे नाही. शिल्लक मुद्दलावर व्याज, हा नियम सरळ आहे. पण नियम माहीत नसला की सरळ गोष्टही माणसाला बुडवते. पाच वर्षांनी गावी जावे लागले, घर विकावे लागले, तर "आठ लाख भरले, आता थोडेच राहिले असेल" असे समजून गेलेला माणूस खिडकीवरून पांढऱ्या चेहऱ्याने परत येतो.

आमचीही फसगत झाली

दुसऱ्यांना सांगतो म्हणून आम्ही फार शहाणे होतो असे वाचकांनी समजू नये. आम्ही बी.कॉम. चक्रवाढ व्याजाची उदाहरणे परीक्षेत सोडवलेली. तरीही २०१३ साली स्वतःच्या घराच्या कर्जाचे कागद आले, तेव्हा खुणा केलेल्या जागी आम्ही भराभर सह्या केल्या. दर 'बदलता' आहे हे वाचले, पण त्याचा अर्थ मनावर घेतला नाही.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. गृहकर्जे महागली. आमचा हप्ता मात्र तेवढाच राहिला, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. पुढे एकदा पत्नीने कर्जाचा उतारा मागवून आणला, तेव्हा कळले की हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली होती. तब्बल २२ हप्ते! त्या दिवशी घरात जेवण कोणाला गेले नाही. मुलाच्या कॉलेजची फी आणि कर्जाचा शेवट आम्ही ज्या वर्षांवर मांडून ठेवला होता, ती सारी मांडणीच बिघडली.

वरच्या उदाहरणात दर ९ वरून १० टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० महिन्यांचे कर्ज सुमारे ३१४ महिन्यांचे होते. एका टक्क्यापायी सहा वर्षे! हप्ता वाढला की लगेच खिशाला कळते. मुदत वाढली की कळतच नाही, म्हणून ती जास्त धोक्याची.

आता ह्याबाबत नियम आहे. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये आदेश काढला. त्यानुसार दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे ठरवण्याची संधी कर्जदाराला द्यावी लागते. दर तीन महिन्यांनी किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले, ह्याचा उतारा मिळाला पाहिजे. हा आपला हक्क आहे. मागितल्याशिवाय तो पदरात पडत नाही.

२०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने चार वेळा मिळून रेपो दर सव्वा टक्क्याने कमी केला. ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांनी तो लाभ आपल्या खात्यात आला का, हे उतारा काढून पाहावे. २०१९ च्या ऑक्टोबरपूर्वीची बँकांची कर्जे बरेचदा जुन्या पद्धतीच्या दराला बांधलेली असतात आणि ती लवकर स्वस्त होत नाहीत. थोडे शुल्क भरून ती नव्या पद्धतीत बदलून घेता येतात का, हे शाखेत विचारावे.

हप्त्याबाहेरचे खर्च

घराच्या किमतीत हे खर्च धरलेले नसतात:

मुद्रांक शुल्क आणि नोंदणी. मुद्रांक शुल्क मुंबईत ६ टक्के, पुण्यात ७ टक्के, इतरत्र थोडे कमी-जास्त. नोंदणी १ टक्का, जास्तीत जास्त ३० हजार. साडेअठरा लाखांवर ६ टक्के धरले तरी दोन्ही मिळून सुमारे १ लाख ३० हजार होतात. घर स्त्रीच्या नावे घेतल्यास महाराष्ट्रात २०२१ पासून मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. पैसे वाचतात आणि घरावर बाईचे नावही लागते. दोन्ही गोष्टी चांगल्याच.

कर्जात घुसवलेला विमा. विमा वाईट नाही. कमावता माणूस गेला तर घर वाचते. पण एकरकमी हप्त्याचे ६० हजार रुपये कर्जातच मिळवले, तर वीस वर्षांत त्याचे १ लाख २९ हजारांच्या वर होतात. विमा वेगळा, वर्षाच्या हप्त्याने घेता येतो का, हे आधी पाहावे.

याशिवाय प्रक्रिया शुल्क, वकिलाची फी, सोसायटीचा देखभाल खर्च, घरपट्टी, रंग आणि गळती. इमारत बांधून व्हायची असेल तर ताबा मिळेपर्यंत एकीकडे खोलीचे भाडे आणि दुसरीकडे कर्जाचे व्याज.

एजंट आणखी एक आमिष दाखवतात, प्राप्तिकरात सूट मिळेल म्हणून. पण ज्याला मुळात कर लागतच नाही त्याला सूट कसली? नव्या करपद्धतीत तर स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळतच नाही.

ह्या कुटुंबाच्या बाबतीत साडेअठरा लाख किंमत, सुमारे १ लाख ३० हजार मुद्रांक व नोंदणी आणि १७ लाख ३९ हजार व्याज मिळून बेरीज ३७ लाखांच्या वर जाते. घराची खरी किंमत ही आहे.

मग भाड्यानेच राहायचे का?

असा प्रश्न त्या भावाने केलाच. नाही, आमचे तसे म्हणणे नाही. भाड्याचाही हिशेब मांडला पाहिजे. महिना ६,००० रुपये भाडे आणि दरवर्षी ५ टक्के वाढ धरली, तर वीस वर्षांत २३ लाख ८० हजार रुपये भाड्यात जातात आणि शेवटी हाती किल्लीसुद्धा राहत नाही. जात विचारून खोली नाकारणारे घरमालक आजही आहेत, हे आपल्याला कोणी सांगायला नको. स्वतःच्या दाराची किंमत आपण जाणतो. पण कर्ज डोळस असावे.

दुसरी बाजूही ध्यानात असावी. तीन महिने हप्ते थकले की कर्ज बुडीत वर्गात जाते. २००२ च्या सरफेसी कायद्याखाली ६० दिवसांची नोटीस देऊन घर ताब्यात घेण्याची कारवाई सुरू करता येते. अडचण आली तर तोंड लपवू नये. पहिला हप्ता चुकण्याआधीच शाखेत जाऊन लेखी अर्ज द्यावा, पोच घ्यावी. नोटीस आलीच तर मुदतीत लेखी उत्तर द्यावे.

सही करण्याआधी आणि सही केल्यावर

एक, दर, मुदत आणि एकूण परतफेड हे तिन्ही आकडे लेखी मागावेत. सर्व हप्त्यांचा तक्ता मागावा.

दोन, किमान तीन ठिकाणी चौकशी करावी. अर्धा टक्कासुद्धा क्षुल्लक समजू नये.

तीन, सरकारी योजनेची चौकशी करावी. प्रधानमंत्री आवास योजनेच्या (शहरी) २०२४ मध्ये सुरू झालेल्या दुसऱ्या टप्प्यात पात्र कुटुंबांना व्याजापोटी १ लाख ८० हजारांपर्यंत अनुदानाची तरतूद आहे.

चार, सहा महिन्यांच्या हप्त्यांइतकी रक्कम हाताशी असल्याशिवाय उडी घेऊ नये. सगळी पुंजी आगाऊ रकमेत घालून हप्त्यासाठी सावकाराकडे जाणे म्हणजे आगीतून फुफाट्यात.

पाच, हे सर्वांत महत्त्वाचे. जादा पैसे आले की मुद्दलात भरावेत. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेड केल्याबद्दल बँकांना २०१२ पासून दंड घेता येत नाही. दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता भरला, तर वरचे वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी संपते आणि व्याजाचे जवळपास साडेतीन लाख वाचतात. भरताना "मुदत कमी करा" असे लिहून द्यावे.

सहा, कर्ज फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत मिळाली पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून, उशीर त्यांच्याकडून झाला असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम आहे.

त्या जोडप्याने सोमवारी सही केली नाही. आणखी दोन ठिकाणी विचारपूस केली. तीस वर्षांचा नाद सोडला. पंधरा वर्षांचा हप्ता त्यांना झेपणारा नव्हता. कारखान्यात कधी ओव्हरटाइम असतो, कधी नसतो. म्हणून वीस वर्षांची मुदत घेतली आणि दर दिवाळीला एक जादा हप्ता भरायचा, असे नवरा-बायकोने मिळून ठरवले. घर दोघांच्या नावावर झाले.

परवा ती ताई भेटली. पिशवीतून तिने एक वही काढून दाखवली. गटाच्या वहीसारखीच, दोन रकान्यांची. एकात व्याज, दुसऱ्यात मुद्दल. "दादा, दुसरा रकाना फार हळू वाढतो," ती म्हणाली, "पण आता तो दिसतो तरी."

बंधू-भगिनींनो, ज्यांच्या घरी कर्ज आहे त्यांनी ह्याच आठवड्यात आपला उतारा काढावा आणि अशी एक वही घालावी. ज्यांना हिशेब जमत नसेल त्यांनी वस्तीतील शिकल्या मुला-मुलींना हाक मारावी. शिक्षण घेतले ते अशा वेळी उपयोगी पडण्यासाठीच.