टाळेबंदीत बेघर मुलांचा निवारा

ज्यांना घरच नाही, त्या मुलांना ‘घरीच राहा’ हा आदेश पाळता येत नाही. कोविडच्या साथीमुळे २५ मार्च २०२० रोजी देशभर टाळेबंदी लागू झाली आणि रेल्वे, एसटी, ढाबे, भंगाराची दुकाने बंद झाली. उदाहरणार्थ, मध्य प्रदेशातील धार आणि देवास हे जिल्हे मुंबई-आग्रा महामार्गावर आहेत. खलघाट, धामनोद आणि पुढे देवास शहर याच वाटेवर लागतात. अशा रस्त्याच्या कडेला पोट भरणाऱ्या मुलांची कमाई आणि जेवण, दोन्ही एकदमच थांबले.

बाल न्याय कायदा, २०१५ नुसार रस्त्यावर राहणारे किंवा भीक मागणारे मूल ‘काळजी व संरक्षणाची गरज असलेले’ ठरते. त्याला चोवीस तासांत बालकल्याण समितीपुढे न्यावे लागते आणि समिती त्याला बालगृहात किंवा खुल्या निवारागृहात ठेवते. साथीत मात्र बालगृह दुहेरी पेचात सापडले. दार उघडले तर आतल्या मुलांना संसर्गाचा धोका, बंद ठेवले तर बाहेरचे मूल वाऱ्यावर. सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२० रोजी बालगृहांसाठी सविस्तर निर्देश दिले. शक्य त्या मुलांना कुटुंबाकडे पाठवण्याचा विचार करणे आणि समितीचे काम ऑनलाइन चालवणे हे त्यांतले प्रमुख.

खरी कसोटी लागली ती नव्या मुलाच्या विलगीकरणात. काल मोकळ्या रस्त्यावर झोपणारा पोरगा आज एका खोलीत चौदा दिवस एकटा असे. व्हाइटनर किंवा सोल्युशन हुंगायची सवय असेल, तर पहिल्या काही दिवसांत हात थरथरतात, झोप उडते, चिडचिड वाढते. काही जण पळून जाऊ पाहत. त्या खोलीत कुलपापेक्षा दाराबाहेर बसून बोलणारा माणूस अधिक उपयोगी पडे. वेळेवर गरम जेवण आणि गावाकडे एक फोन यांनीही मूल थांबे.

निवाऱ्यापुढची मदत अपुरी आहे. मध्य प्रदेशच्या २०२१ मधील कोविड बाल सेवा योजनेत दरमहा ५,००० रुपये ठरले, पण ते साथीत अनाथ झालेल्यांना. आधीपासून रस्त्यावर असलेले मूल त्यात बसत नाही. अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर बालगृहही सुटते. कायद्यात एकविसाव्या वर्षापर्यंत अनुरक्षणाची, म्हणजे बालगृह सुटल्यानंतरच्या आधाराची, तरतूद आहे, तिचा लाभ प्रत्येकाला मिळायलाच हवा.

रस्त्यावर एकटे मूल दिसल्यास १०९८ या क्रमांकावर कळवावे. ही सेवा चोवीस तास आणि मोफत असते.