मवाली, तोडफोड वगैरे मंडळी

'रॅप' म्हटलं की आमच्या पिढीच्या कपाळावर आठ्या पडतात. उलटी टोपी, हातवारे, मधूनच एखादी शिवी. गाणं म्हणावं तर सूर नाही, कविता म्हणावी तर वही नाही. आमच्या सुकापुरात संध्याकाळी सोसायटीच्या पार्किंगमध्ये पोरं मोबाइलवर ताल लावून गोल करून उभी राहतात, तेव्हा वरच्या खिडकीतून कुणी ना कुणी ओरडतंच. मी ऐकत उभा राहतो. या पोरांमुळेच मुंबईच्या 'स्वदेशी' नावाच्या मंडळींची मला ओळख झाली. आज त्यांच्याविषयी सांगायचं आहे.

हिप हॉप मूळचं न्यूयॉर्कचं. तिथल्या ब्रॉन्क्स या गरीब वस्तीत ११ ऑगस्ट १९७३ रोजी एका मुलीनं इमारतीच्या सभागृहात पार्टी ठेवली. शाळेसाठी नवे कपडे घ्यायला चार पैसे जमवावेत, एवढाच हेतू. तिचा जमैकात जन्मलेला भाऊ रेकॉर्ड लावत होता. त्याचं टोपणनाव कूल हर्क. लोकांना नाचायला सगळ्यात जास्त आवडतो तो गाण्यातला निव्वळ तालाचा तुकडा, हे त्यानं हेरलं होतं. एकाच गाण्याच्या दोन रेकॉर्ड शेजारी शेजारी ठेवून तो तेवढाच तुकडा पुन्हा पुन्हा वाजवू लागला. त्या तालावर माइकवरून बोलणारा आला, नाचणारे आले, भिंती रंगवणारेही आले. म्हणजे हा प्रकार जन्मापासून एकट्याचा नव्हताच. एक ताल धरणार, एक बोलणार, बाकीचे साथ देणार.

आता सांगा, हे आपल्याला नवं आहे का? शाहीर पुढे, डफ-तुणतुणं बाजूला आणि मागे 'जी जी रं' म्हणणारे झीलकरी. १९४४ साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर या तिघांनी 'लाल बावटा कलापथक' उभं केलं. गिरणी कामगारांच्या वस्त्यांपासून संयुक्त महाराष्ट्राच्या सभांपर्यंत त्यांचा आवाज पोचला. इंग्रजीत ज्याला 'कलेक्टिव्ह' म्हणतात, त्याला मराठीत 'कलापथक' हा शब्द तेव्हापासून तयार आहे. 'स्वदेशी'ला मी कलापथकच म्हणतो.

हे पथक २०१३च्या सुमारास मुंबईत जमलं. त्या काळात शहरातली बरीच पोरं इंग्रजीत, अमेरिकन धाटणीनं रॅप करत. यांनी ठरवलं की आपल्या बोलीत बोलायचं. नावंही पाहा कशी घेतली : एमसी मवाली, एमसी तोडफोड, राक्षस. ज्या शब्दांनी वस्तीतल्या पोरांना हिणवलं जातं, तेच त्यांनी पाटीसारखे दारावर लावले. जाता जाता सांगतो, 'मवाली' हा अरबी शब्द. 'मौला'चं ते अनेकवचन. मौला म्हणजे मालकही आणि मुक्त केलेला गुलामही. आपल्याकडे येईपर्यंत त्याचा गुंड झाला. त्या पोरानं कोश पाहिला असेल असं नाही, पण शब्द मात्र नेमका उचलला.

भाषेचं म्हणाल तर हे पथक म्हणजे लोकलचा डबा. मवाली मराठी-हिंदीत बोलतो. तोडफोड, म्हणजे धर्मेश परमार, गुजरातीत. अमरावतीहून आलेल्या सौरभ अभ्यंकरच्या शब्दांना वऱ्हाडी बाज. कुणी कुणाचं भाषांतर करत नाही. एकाच तालावर एकाचं कडवं संपतं तिथे दुसऱ्याचं दुसऱ्या भाषेत सुरू होतं. मी मराठीत कविता वाचतो तेव्हा कार्यक्रमानंतर कुणीतरी हमखास म्हणतं, 'तुमचं मराठी किती छान हो!' त्या कौतुकातली मेख मला कळते. पेशवाईत सगनभाऊ नावाचा मुसलमान शिकलगार लावण्या-पोवाडे रचत होता आणि अमर शेखांचं मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल होतं, हे अशा वेळी कुणाला आठवत नाही. म्हणून या पोरांचं मला अप्रूप वाटतं. तू अमुक भाषेत कसा, हा प्रश्नच त्यांच्या मांडवात उठत नाही.

छंदाचं काय, असं जाणकार विचारतील. रॅपची ओळ चार ठोक्यांची. अशा सोळा ओळींचं साधारण एक कडवं. आपल्या पद्मावर्तनी रचना आठ मात्रांच्या आवर्तनात धावतात; केरव्याच्याही मात्रा आठच. तेव्हा रॅपच्या चार ठोक्यांत मराठी अगदी सहज बसते. फरक यमकात. आपण शेवटी यमक जुळवून मोकळे होतो, हे लोक ओळीच्या पोटातही तीन-चार वेळा जुळवतात. शिवाय 'स्वदेशी'तल्या काहींनी मृदंगवादक विवेक राजगोपालन यांच्या 'ता धोम प्रोजेक्ट'मध्ये कर्नाटक संगीतातले तालाचे बोल तोंडानं म्हणण्याची विद्या, म्हणजे कोन्नकोल, गिरवली. त्या मेहनतीचं फळ म्हणजे 'इंडिया ९१' हे गाणं. ते २०१९च्या 'गली बॉय' चित्रपटात आलं आणि ही मंडळी देशभर ऐकली गेली. वाहवत गेलेल्या ओळी त्यांच्याकडेही आहेत. काही ठिकाणी घोषणाच होते, कविता मागे राहते. पण ते तर शाहिरीतही होतं.

त्यांचं मला सर्वांत मोलाचं वाटतं ते गाणं 'द वारली रिव्होल्ट', २०१९चं. मुंबईच्या आरेमध्ये मेट्रोची कारशेड होणार होती. तिथल्या केलटीपाड्यावर राहणारे प्रकाश भोईर यांचा आवाज या गाण्यात आहे. पोरं पाड्यावर गेली आणि पाड्याच्या माणसालाच त्यांनी पुढे उभं केलं. वारल्यांचा उठाव म्हटलं की १९४५चा ठाणे जिल्ह्यातला वेठबिगारीविरुद्धचा लढा आणि गोदावरी परुळेकर आठवतात. नावातच तो धागा आहे. ४ ऑक्टोबर २०१९ रोजी उच्च न्यायालयानं याचिका फेटाळल्या, त्याच रात्री करवती चालल्या. ७ तारखेला सर्वोच्च न्यायालयानं वृक्षतोड थांबवली, तोवर दोन हजारांहून अधिक झाडं आडवी झाली होती. पुढे सरकारं बदलली, कारशेड कांजूरमार्गला न्यायचं ठरलं, पुन्हा आरेत आलं आणि २०२४मध्ये त्या मार्गावर गाडी धावली. गाण्यानं कारशेड थांबली नाही. आमच्या पनवेल भागात विमानतळासाठी उलव्याचा डोंगर कापला गेला, नदीचं पात्र वळवलं. त्यावर असं गाणं माझ्या कानावर आलेलं नाही, आणि मीही लिहिलेलं नाही.

'चेतावणी' हा 'स्वदेशी'चा संग्रह २०२०मध्ये आला. मार्च २०२२मध्ये तोडफोडचा स्वतःचा 'ट्रुथ अँड बेस' आला आणि त्याच महिन्यात तो गेला. वय २४. पथकातला गुजराती आवाज थांबला. एखाद्या कंपनीच्या गायकाची जागा दुसरा घेतो. कलापथकात तसं होत नाही, त्याच्या वाट्याची ओळ त्याचीच असते.

लाल बावट्यामागे पक्ष होता, कामगार संघटना होत्या, सभेला जमणारा गिरणगाव होता. अण्णा भाऊंच्या लोकनाट्यावर सरकारनं बंदी घातली तरी दुसऱ्या दिवशी ऐकणारे तेच होते. 'स्वदेशी'मागे असं काही नाही. श्रोता मोबाइलमध्ये विखुरलेला, आणि पैसा असतो तो जाहिरातीत नि चित्रपटात. तिथे एकट्या चेहऱ्याला भाव, पथकाला नाही. दहा वर्षं एकत्र टिकणं हेच मग कठीण काम होऊन बसतं.

एक गोष्ट मात्र आपल्या हातात आहे. १८९१ साली ॲक्वर्थ नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी गोंधळी-शाहिरांकडून पोवाडे मिळवून छापले, म्हणून ते आज आपल्यापुढे आहेत. या पोरांच्या रचना कागदावर उतरवलेलं मराठी पुस्तक माझ्या पाहण्यात नाही. मराठी विभागातल्या एखाद्या विद्यार्थ्यानं हे काम घ्यावं. गुजराती कडव्यांसकट छापावं, आणि शिव्या गाळू नयेत.